पूर्ण नाव आणि पत्त्यासह

बार्लो फेरी, आयोवा
१४ मे २००६

ती. सरलाताईस,
धाकट्या एकनाथाचे कृ. सा. न. वि. वि.

तू फोनवर बोलत नाहीस, ओरडतेस. मिनेसोटा ते आयोवा हे अंतर आवाजाच्या जोरावरच कापायचं असतं अशी तुझी समजूत दिसते. म्हणून पत्र लिहितो आहे. तुझ्या प्रसादचं घर, सूनबाई अदितीचं ऑफिस आणि ईशानची शाळा सुरळीत चालू असेल अशी आशा आहे. तू तिथे असताना ती फार बाळगू नये हेही कळतं.

मी इथे लेकीकडे रुळलो. सुनेत्राने संसारातून निरोप घेतल्यापासून मी नागपूरच्या घरात भिंतींशी वाद घालायचो आणि भिंती जिंकायच्या. ते कानावर गेलं तेव्हा सुहासिनीने सहा महिन्यांसाठी बोलावून घेतलं. गाव म्हणशील तर नदीकाठचं लहानसं शहर. मिसिसिपी इथे इतकी रुंद आहे की पलीकडचा काठ दुसऱ्या राज्यात आहे. पण गावाने नदीकडे सरळ पाठ केली आहे. काठावर धान्याची कोठारं, मोटारी लावायची जागा आणि अवधूत काम करतो ती पंपांची कंपनी. जावईबापू तिथे डिझाइन इंजिनिअर आहेत. निम्मं गाव तिथेच कामाला आहे आणि उरलेलं निम्मं त्यांना सँडविच विकतं.

एवढ्याशा गावाला स्वतःचं दैनिक आहे, 'बार्लो फेरी बीकन'. पहिल्या पानावर बहुतेक वेळा मासा हातात धरलेला माणूस असतो आणि दोघांच्या चेहऱ्यावर एकच भाव असतो. आतल्या पानावर पोलिसांकडे आलेल्या तक्रारी छापतात. गेल्या आठवड्यात वाचलं, की ओक स्ट्रीटवर एक वयस्कर इसम हात पाठीमागे बांधून अतिशय सावकाश चालताना आढळला, पोलिसांनी जाऊन पाहिले, संशयास्पद काही नाही. ताई, तो इसम मी. वझलवार घराण्याचं अमेरिकेच्या वर्तमानपत्रात पहिलं पाऊल, तेही निनावी.

तेव्हापासून मी ओक स्ट्रीट सोडून कंपनीमागच्या पायवाटेने नदीकाठी फिरायला लागलो. तिथे गळ टाकून बसलेले म्हातारे आणि उद्धट बदकं एवढीच वर्दळ. काल गेलो तर वाटेवर लोखंडी फाटक आणि त्याला कुलूप. पाटीवर लिहिलेलं, ट्रकच्या वाहतुकीमुळे सुरक्षिततेसाठी बंद. म्हातारे गळ घेऊन बाहेर उभे होते. थोड्या वेळाने एकेक करून मुकाट घरी गेले. रात्री जेवताना अवधूतला विचारलं, तर तो म्हणाला, जाऊ द्या ना यार. मग आपण सासऱ्याला यार म्हटलं हे लक्षात येऊन त्याने लोणच्याची बरणी उगाच दोनदा उघडली.

धाकट्यावर माया ठेव आणि फोनवर आवाज जरा बेतात ठेव.
तुझा
एकनाथ

ईडन प्रेरी, मिनेसोटा
२२ मे २००६

चि. एकनाथास अ. उ. आ.

तू संशयास्पद नाहीस हे ठरवायला अमेरिकेच्या पोलिसांना एक फेरी पुरली. मला ते अजून ठरवता आलेलं नाही. तो मजकूर मी ईशानला वाचून दाखवला. तो म्हणाला, आजी, दॅट इज सो कूल. मी म्हटलं, तुझा आजोबा आहे तो, कूल नाही.

आता फाटकाचं. मुकाट परत येणं तुला कधीपासून जमायला लागलं? नागपुरात गल्लीतला दिवा गेला तरी तू महापालिकेला पत्रं लिहायचास. दिवा यायचा नाही, पण पत्राची भाषा सुधारायची. तुमच्या त्या मासेवाल्या पेपरात वाचकांची पत्रं छापत असतीलच. इंग्रजीत वाक्यं लहान ठेव. 'काइंडली डू द नीडफुल' लिहिलंस तर मी तुला ओळखत नाही असं सांगेन. तीस वर्षं मुलांना इंग्रजी शिकवलं ते सख्ख्या भावाने पाण्यात घालू नये.

अदिती म्हणते, मामांना म्हणावं थंडी अजून आहे, कान झाका. मी म्हणते, कान उघडे ठेव.

आशीर्वाद पत्रासोबत आहेत, नीट उघड.
तुझी
सरलाताई

बार्लो फेरी
१२ जून २००६

ती. ताईस सा. न.

तुझं ऐकलं आणि घरात आग लावून बसलो.

पत्र साधंच लिहिलं होतं. मी पाहुणा आहे, तुमची नदी सुंदर आहे, ती तुम्ही कुलपात का ठेवली आहे एवढंच विचारलं होतं. दुसऱ्या दिवशी बीकनच्या संपादक मिसेस क्लेंक यांचा फोन आला. सत्तरीची बाई, आवाज करवतीसारखा. त्यांनी विचारलं, पत्र खरंच तुम्ही लिहिलंत का आणि पूर्ण नाव आणि पत्त्यासह छापलं तर चालेल ना. निनावी पत्र त्या छापत नाहीत. मी म्हटलं, निनावी एकदा आलो आहे तुमच्या पेपरात, आता नावाने येऊ द्या. बाई इतक्या हसल्या की त्यांना खोकला आला.

मग खरी गोष्ट त्यांनीच सांगितली. काठाची ती पट्टी शहराच्या मालकीची आहे आणि ती कंपनीला विकायचा ठराव जुलैत कौन्सिलपुढे यायचा आहे. फाटक आधीच बसवून झालं. फाटकाबद्दल त्यांच्याकडे ढीगभर पत्रं आली होती, पण सही एकावरही नाही. कुणाचा मुलगा कंपनीत, कुणाची सून. सही करून पाठवणारा मूर्ख मीच पहिला निघालो. पत्र छापलं, त्याखाली नाव, त्याखाली घराचा पत्ता. पत्ता म्हणजे अवधूतचा.

सोमवारी अवधूतचा मॅनेजर कॉफी घेताना त्याच्याजवळ आला आणि म्हणाला, तुझे सासरे छान लिहितात. मग विचारलं, ते परत कधी जाणार? ताई, त्यात एकही शब्द वावगा नाही. पण अवधूतच्या ग्रीन कार्डाची फाईल हीच कंपनी चालवते. कंपनीने हात काढला तर इतक्या वर्षांची रांग फुकट जाते. हे मला कुणी सांगितलं नव्हतं आणि मी विचारलंही नव्हतं.

अवधूत मला एका शब्दाने बोलला नाही. त्याने फक्त जेवणं कमी केलं. सुहासिनी मात्र बोलली. ती म्हणाली, बाबा, तुम्ही नोव्हेंबरात विमानात बसाल, आम्हाला इथे राहायचं आहे. मी तिला शब्द दिला की आता एक ओळही लिहिणार नाही. तेव्हापासून घरात मीठ मागायचं तरी सगळे जपून मागतात.

मी पुन्हा ओक स्ट्रीटवर फिरतो. हात पुढे ठेवून.

ओरडायचं असेल तर फोन कर, या वेळी ऐकून घेईन.
एकनाथ

ईडन प्रेरी
२० जून २००६

चि. एकनाथ, आशीर्वाद.

फोन करणार नाही. ओरडायला पोस्टाचं तिकीट पुरतं.

पत्र लिही असं मी सांगितलं होतं, जावयाच्या पत्त्यावर बॉम्ब ठेव असं नव्हतं. सुहासिनीचं बरोबर आहे. पोरांनी या देशात एकेका कागदासाठी किती श्वास रोखून धरला आहे ते आपल्या पिढीला कळत नाही. प्रसादचं कार्ड आलं त्या दिवशी तो मोटारीत बसून एकटाच रडला होता, हे अदितीने मला परवा सांगितलं. तेव्हा तू दिलेला शब्द पाळ आणि अवधूतला काही गोड करून घाल. तुला शिऱ्याशिवाय काही येत नाही, तोच कर.

शब्द तू दिला आहेस, मी नाही. म्हणून काल मी बीकनला पत्र टाकलं. लिहिलं, की मी ईडन प्रेरीत राहते, आमच्या इथली नदी पुढे मिसिसिपीलाच मिळते, म्हणजे तुमच्या दारातून जाणारं पाणी आधी आमच्या दारातून येतं. मी तुमची वरच्या अंगाची शेजारीण आहे. आम्ही ते पाणी इतक्या लांबून पाठवतो, ते कुणी बघणारच नसेल तर इथेच अडवून ठेवू का, तसं कळवावं. खाली सही केली, सरला डबीर, पूर्ण पत्त्यासह. आडनाव वेगळं, राज्य वेगळं. प्रसादची कंपनी सॉफ्टवेअर करते, तिला पंप लागत नाहीत.

प्रसाद म्हणाला, आई, लोक काय म्हणतील? मी म्हटलं, लोकांनी सही करून म्हणावं.

सुहासिनीला जवळ घे. ती घेऊ देणार नाही, तरी घे.
सरलाताई

बार्लो फेरी
१९ जुलै २००६

ती. ताईस सा. न.

तू या गावात कधी पाऊल ठेवलं नाहीस, पण किराणा दुकानातली बाई तुला ओळखते. तुझं पत्र बीकनने पहिल्या पानावर चौकटीत छापलं, माशाच्या वर. मथळा होता, 'वरच्या अंगाची शेजारीण विचारते'. दुसऱ्या आठवड्यात सह्यांची पत्रं यायला लागली. आधी निवृत्त लोकांची, मग दोन पाद्र्यांची, मग एका दंतवैद्याचं. कंपनीने बीकनला रविवारी द्यायची पानभर जाहिरात बंद केली. क्लेंकबाईंनी त्या पानावर पत्रंच छापली.

गेल्या आठवड्यात मंगळवारी कौन्सिलची सभा होती. मी फक्त ऐकायला जाणार असं घरी स्पष्ट सांगितलं. मला मोटार चालवता येत नाही म्हणून अवधूत निघाला. आम्हा दोघांवर लक्ष ठेवायला सुहासिनी निघाली. आम्ही शेवटच्या रांगेत बसलो. कंपनीचे वकील म्हणाले की त्या वाटेवर ट्रकची सतत ये-जा असते, एखाद्याचा जीव जाईल. कंपनीची माणसं बरीच होती, सगळी बुटांकडे बघत होती. ज्याला बोलायचं असेल त्याने माइकपाशी जाऊन नाव आणि पत्ता सांगायचा अशी पद्धत. अध्यक्षांनी विचारलं, आणखी कुणी? मी दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले होते.

आणि शेजारची खुर्ची करकरली. मला वाटलं अवधूत पाणी प्यायला उठला. तो सरळ माइकपाशी गेला. त्याने नाव सांगितलं, अवधूत चिमोटे. लिहून घेणाऱ्याला ते जमेना, तर अक्षर अक्षर सांगितलं. पत्ता सांगितला. म्हणाला, मी याच कंपनीत काम करतो, माझं टेबल मागच्या खिडकीशी आहे आणि ती सबंध वाट मला दिवसभर दिसते. तिथून ट्रक जात नाहीत, ट्रकांचा दरवाजा दुसऱ्या बाजूला आहे. तिथून फक्त काही म्हातारे जायचे आणि त्यातला एक बदकांशी भांडायचा, तो माझा सासरा आहे. सभागृह हसलं. अवधूत हसला नाही. तो मुद्दाम सावकाश बोलत होता. म्हणाला, सुरक्षिततेसाठी फाटक लावलं असं म्हणणं खरं नाही, आणि मला ते माहीत असताना मी गप्प बसलो तर तेही खरं नाही. थँक यू म्हणून परत येऊन बसला. त्याच्या शर्टाची पाठ ओली होती.

पट्टी त्यांनी विकलीच. पण वाट लोकांसाठी कायम खुली ठेवायची अशी अट घालून. गुरुवारी कुलूप निघालं. मी गेलो होतो. बदकांना काही फरक पडलेला दिसला नाही.

घरी येऊन सुहासिनीने पोळ्या केल्या, आणि अवधूतच्या ताटात त्या वाढतच राहिली, तो पुरे पुरे म्हणत असताना. पुढे काय होईल ते मला ठाऊक नाही. मला भीती वाटते आहे, ताई, आणि अभिमानही वाटतो आहे. दोन्ही एकाच पोटात नीट बसत नाहीत.

आमच्या घरावर तुझी नजर राहू दे.
एकनाथ

फ्रिस्को, टेक्सास
१२ नोव्हेंबर २००६

ती. सरलाआत्यास,
सुहासिनीचा शि. सा. न.

बाबा काल रात्रीच्या विमानाने गेले. आत्याला तू लिही, मी लिहिलं की ती चुका काढते, असं मला बजावून गेले. म्हणून हे माझं पहिलं पत्र. चुका काढच.

तुला फोनवर तुटक तुटक कळलं असेलच. ऑगस्टमध्ये अवधूतला बोलावून सांगितलं की त्याचा प्रोजेक्ट बंद होतो आहे आणि ग्रीन कार्डाचं काम तूर्त थांबवलं आहे. कारण कुणी विचारलं नाही, कुणी सांगितलंही नाही. सगळे फार सभ्यपणे बोलले. व्हिसा नोकरीलाच बांधलेला होता म्हणून दुसरी नोकरी घाईने शोधावी लागली. ती इथे मिळाली. ग्रीन कार्डाच्या रांगेत आम्ही पुन्हा शेपटाला उभे आहोत. क्लेंकबाई निरोप द्यायला आल्या होत्या. आम्ही गाव सोडतो आहोत ही बातमी त्यांनी बीकनमध्ये दिली आणि चिमोटेचं स्पेलिंग चुकवलं. दुसऱ्या दिवशी दुरुस्ती छापली, तीही चुकली.

मी बाबांवर खूप चिडले होते. खोकी बांधताना तर त्यांच्याशी एक शब्द बोलले नाही आणि ते बिचारे चिकटपट्टीची टोकं शोधून माझ्या हातात देत राहिले. अवधूतवरही चिडले होते. ज्या वाटेवर आता आम्ही कधी चालणार नाही, तिच्यासाठी इतक्या वर्षांचं काम त्याने एका मिनिटात सोडून दिलं. हे मी त्याला सांगितलंसुद्धा. तो म्हणाला, हो, मलाही वाईट वाटतं, पण झोप लागते.

आता गेल्या शनिवारचं सांगते. आमच्या अपार्टमेंट कॉम्प्लेक्सच्या मॅनेजरने भाडेकरूंची मीटिंग बोलावली होती. मधल्या हिरवळीवर मुलांनी क्रिकेट खेळायचं नाही, असा नियम करायचा होता. इथे निम्मी घरं आपलीच आहेत. हैदराबाद, पुणे, चेन्नई, सगळे आले आणि सगळे हाताची घडी घालून बसले. सगळ्यांच्या फायली कुठे ना कुठे अडकलेल्या. मॅनेजर म्हणाली, कुणाची हरकत नाही ना? बाबांनी माझ्याकडे पाहिलं. अवधूत उठायला लागला, ते मला डोळ्यांच्या कोपऱ्यातून दिसलं.

मी त्याच्या खांद्यावर हात ठेवून त्याला खाली बसवलं आणि मीच उभी राहिले. मी म्हटलं, माझं नाव सुहासिनी चिमोटे, माझी हरकत आहे. मग पत्ता सांगितला. फ्लॅटचा नंबर चुकला. मागून अवधूत आणि बाबा दोघांनी एकदम दुरुस्त केला, आणि दोघांनी वेगवेगळा सांगितला.

तुझी माया इकडेही वाहत राहू दे.
तुझी
सुहासिनी