विरोधातली रिकामी खुर्ची

३ मार्च
माईकची वायर शर्टाच्या आतून ओढताना बटण तुटले. मेकअपवाल्याने पिन लावली. पडद्यावर माझ्या नावाखाली ‘संरक्षणतज्ज्ञ’. तीस वर्षे सैन्याच्या बुटांच्या गोदामात होतो, हे सांगायला वेळ मिळाला नाही. अँकरने विचारले, शेजाऱ्यांच्या युद्धात आपण उतरायचे का? एका शब्दात. मी चार मिनिटे बोललो. उतरायचेच! आठ चौकटींत माझी दोनदा मोठी झाली.
घरी बायको म्हणाली, अहो, आपला मुलगा सैन्याच्या राखीव यादीत आहे, आठवतंय ना? आठवतेय. युद्ध पंधरा दिवसांत संपेल. नकाशा मी जवळून पाहिला आहे.

५ मार्च
निश्चय: रोज गरम पाणी. घसा ही आता राष्ट्रीय बाब आहे.
मुलाने विचारले, बाबा, माझं बोलावणं आलं तरी असंच ओरडाल? म्हटले, देश आधी. उत्तम वाक्य, घरात वाया गेले.

८ मार्च, दुपार
चॅनेलच्या मुलीचा फोन. काका, बाजूने बोलणारे ढिगाने आहेत, विरोधात एक खुर्ची रिकामी आहे, बसता का?
मी तत्त्वाचा माणूस. दहा मिनिटे घेतली. डाव असा: विरोध मुद्दाम कच्चा करायचा.

संध्याकाळ
कच्चा मुद्दा सुचेना. घाईत खरे तेच सांगितले: राखीव पोरांच्या बुटांचे तळ पुठ्ठ्याचे आहेत, मीच सही करून घेतले. अँकरने ब्रेक घेतला.
बायकोने प्रथमच कार्यक्रम शेवटपर्यंत पाहिला. म्हणाली, उद्याही हेच बोला. परवा संसदेत मतदान आहे.

९ मार्च
पुन्हा त्या मुलीचा फोन. युद्धाच्या बाजूची खुर्ची, मधली चौकट, फक्त बुटांचे तेवढे सावरून घ्या. मोठ्या चौकटीतून सत्य हळूहळू सांगता येते. गेलो. बूट उत्कृष्ट आहेत, असे तीनदा म्हणालो. हळूहळूपर्यंत आलो तेव्हा माईक बंद होता.
बायको ताट वाढून ठेवून झोपायला गेली. दमली असावी.

१० मार्च
उतरायचे ठरले. राखीव यादीला उद्याच हजर व्हायचे आहे. हे नकाशात नव्हते. मुलाला निरोपाचे चार शब्द लिहून काढले; सहा पाने झाली. बायकोला सांगितले, पाचला उठव.

११ मार्च
मुलगा सहाच्या बसने गेला. बायको सोडायला गेली होती. मला कोणी उठवले नाही.