वाटणी झाली होती

गुरुवार, १४ नोव्हेंबर

चि. चिमीस,

अनेक आशीर्वाद. प्लास्टर निघेपर्यंत लेकीकडून हलू नकोस. इकडे तुझ्यावाचून काही अडलेले नाही. मागच्या दोन्ही खोल्या झाडून घेतल्या. गिऱ्हाइकांचे शिवून झालेले कपडे ज्याचे त्याला दिले. एक बाई म्हणाली, बाही आखूड झाली. मी म्हटले, हात लांब असतील.

मंगळवारी कोर्टात माझी साक्ष झाली. कशी झाली ते तू फोनवर दोनदा विचारलेस आणि मी दोन्ही वेळा औषधांचे बोलले.

बाबांच्या कागदाची नोंदणी झालेली नाही, हे आपल्याला ठाऊक होतेच. आपल्या वकीलबाईंना त्याची चिंता नव्हती. वाटणी आधी तोंडी झाली आणि नंतर तिची आठवण म्हणून लिहून ठेवले, तर तसा कागद नोंदणीशिवाय चालतो. त्या कागदानेच वाटणी केली असेल, तर मात्र नोंदणी हवीच. आपली वाटणी तर कागदाच्या दोन वर्षे आधी झाली होती, दादा आता झालीच नाही म्हणत असला तरी. घराची पुढची बाजू दादाला, मागची तुला. मला काही नको, असे मीच म्हटले होते. मधली भिंतही घालून झाली होती.

पण कागदावर लिहिले आहे, ‘आज वाटणी करत आहोत.’

दादाच्या वकिलांनी कागद माझ्यापुढे धरला. अक्षर तुमचेच का, विचारले. हो म्हटले. मग त्या ओळीवर बोट ठेवून विचारले, हे शब्द तुमच्या वडिलांचे का?

मी म्हटले, “शब्दन्‌शब्द.”

न्यायाधीशांनी ठरवले की हा कागद ताब्यापुरताच वाचायचा. म्हणजे तू तिथे राहतेस एवढे त्यातून दिसेल. खोल्या तुझ्या आहेत, हे दिसणार नाही. वकीलबाईंनी फाइल मिटली.

चिमे, ते शब्द बाबांचे नव्हते. तू तेव्हा चहा करायला उठली होतीस. बाबांनी सांगितले होते, “लिही, वाटणी झाली आहे.” मी त्यांना म्हटले, कागदावर तारीख आजची, तर वाक्यही आजचे हवे. ते म्हणाले, तू शिकलेली, तुला जास्त कळतं. मी त्यांचे वाक्य खोडून नवा कागद घेतला आणि स्वच्छ अक्षरात माझे वाक्य लिहिले.

पस्तीस वर्षे मी मुलांच्या वह्यांत चुका काढल्या. माझी चूक चारचौघांत सांगायची वेळ आली, तेव्हा जीभ वळली नाही. प्रश्न कळला नाही असे मी म्हणू शकते, पण तो मला नीट कळला होता. कागद लिहिताना दादा शेजारीच बसला होता, त्यामुळे त्यालाही सगळे ठाऊक आहे. कोर्टाच्या जिन्यात माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, “मास्तरीणबाई, तुमच्या व्याकरणानं माझं काम केलं.”

काल वकीलबाईंना सगळे सांगितले. मला पुन्हा साक्षीला बोलवावे, असा अर्ज त्या सोमवारी देणार आहेत. मंजूर होईलच असे नाही. झाला तरी पलीकडचे वकील विचारतील, बाई, तेव्हा खोटे बोललात की आता बोलताय? शपथेवर खोटे बोलल्याबद्दल माझे काय व्हायचे ते होवो. वकीलबाईंनी मला दोनदा विचार करायला सांगितले. मी एकदाच केला.

तुझ्या खोल्या गेल्या तर त्या दादाने नेल्या असे लोक म्हणतील. तू तसे म्हणू नकोस.

माफी मागत नाही. मागितली तर तू लगेच देशील, आणि मला ती इतक्यात नको आहे. फोनही करू नकोस. पाय उंच ठेव.

खोटी साक्ष दिलेली,
तुझी ताई