याएलचा निळा खांदा

किर्यात गात, मंगळवार, १४ डिसेंबर २००४

आज आमच्या याएलची चिखलातली सायकलची रेस पाहिली. रेस कसली! मध्येच फळ्या आडव्या लावून ठेवतात. पोरी धावत्या सायकलवरून उतरतात, ती खांद्यावर घेऊन चढण पळत चढतात आणि परत उडी मारून बसतात. पाऊण तास हेच. याएल शेवटून दुसरी आली, तरी हसत होती. घरी तिचा खांदा पाहिला तर निळा पडलेला. जीव कळवळला, आणि मी चिडलोच.

"सायकल सैल धरतेस, म्हणून आपटते. फ्रेममधून हात घाल, हँडल पकड. इकडे यायच्या आधी रेवदंड्याला शेताच्या बांधावरून मी अशीच न्यायचो."

"दाय, अब्बा," म्हणाली. म्हणजे हिब्रूत पुरे. मग सायकलच पुढे केली. "दाखव."

मी आमच्या जुन्या लोखंडी सायकलच्या अंदाजानं पाय रोवले, दम धरला आणि जोर लावला. हिची सायकल म्हणजे रिकामं सूप! सरळ वर गेली आणि हॉलच्या दिव्याची काच फुटली. बायको किचनमधून ओरडली. याएल जमिनीवर बसून हसतेय.

माझाच खांदा लचकला. संध्याकाळी पोरीनं बाम चोळला, मग आपला निळा खांदा पुढे केला. "आता माझा."

चोळताना आठवलं. हँडल कितीही घट्ट धरलं तरी रेवदंड्याला माझाही खांदा अस्साच निळा असायचा, बरोबर त्याच जागी. सांगायला हवं होतं का तिला?