नाताळच्या गाण्यांची सीडी

दर्शनाताई,

आई नको म्हणत असताना तू म्हाताऱ्यांची सेवा करायला जपानला गेलीस, तेव्हापासून ती तुझं नाव घेत नव्हती. म्हणून तू पाठवलेली सीडी मी महिनाभर लपवली. आज हमरापूरच्या कारखान्यात गणपती रंगवताना धीर करून लावली. जपानच्या एकाच गाण्यांच्या कंपनीचे सगळे गायक मिळून जपानीत नाताळची गाणी म्हणतात, ताईने पाठवलीत, असं आईला सांगितलं.

तिने ब्रश खाली ठेवला. तीन गाणी पुरी ऐकली.

"काय म्हणतात गो ही पोरं?"

"मला नाय कळत. ताईला कळतं."

"मग तिलाच विचारते."

तुझी शिफ्ट सुटायची वाट बघत ती फोन घेऊन बसली हाय. म्हणून हे पत्र टाकत नाय. तिच्याच तोंडून ऐक.

तुझी,
भूमिका