परातीतलं तळं

अण्णा,

त्या डोंगरातल्या तळ्याच्या सहलीला मी शेवटी जाऊन आले. तुम्ही गेल्याला बावीस वर्षं झाली, आणि भर वर्गात मी तुमचा पाणउतारा केला त्याला तर पन्नासच्या आसपास. मधल्या काळात तुम्हाला कळवावं असं बरंच घडलं. लेकीचं लग्न झालं, मी गणित शिकवता शिकवता निवृत्त झाले, मुरुडच्या तुमच्या शाळेवर दुसरा मजला चढला. पण पत्र लिहावं असं कधी वाटलं नाही. हे मात्र सांगितल्याशिवाय चैन पडेना, कारण तळं तुमचं होतं.

आठवीला तुम्ही भूगोल शिकवायचात आणि मी तुमच्याच वर्गात, मुलींच्या पहिल्या बाकावर. सरोवरांचा धडा आला की आदल्या दिवशी तुम्ही आईकडे पितळी परात मागायचात. आई कुरकुरायची, "अन् मी पीठ कशात मळू? तुमच्या टोपीत?" दुसऱ्या दिवशी ती परात टेबलावर असायची, तिच्यात कडेनं नदीतले दगड रचलेले, दगडांच्या टोकांना ओला खडू फासलेला, तो बर्फ. मधे दोन तांबे पाणी आणि त्यात कपड्यांच्या निळीची चिमूट. मग तुम्ही परातीकडे न बघता खिडकीबाहेर बघत बोलायला लागता. "चालत चालत वर जायचं. बोलायचं न्हाई, दम पुरत न्हाई. शेवटाला एक चढ लागतो, त्याच्यावर निस्तं आभाळ. वाटतं, संपलं, फुडं काय बी न्हाई. अन् वर पाय टेकला की खाली तळं. पण पाणी आधी दिसत न्हाई बरं का. आधी दिसतो उलटा डोंगर. हात घातला तर आपलेच हात आपल्याला सापडत न्हाईत, एवढं गार." उन्हानं वर्गावरचे पत्रे तडतडत असतात आणि आम्ही पोरं अंग आखडून बसलेलो असतो. तास संपला की ते निळं पाणी तुम्ही स्वतः नेऊन कडुलिंबाच्या बुंध्याशी ओतायचात.

हे सगळं कुठून आलं ते मला ठाऊक होतं. आपल्या गल्लीतला, हिमालयात नेमणुकीला असलेला एक फौजी सुटीवर आला की तुम्ही त्याला ओट्यावर बसवून घ्यायचात. चहा मीच आणून द्यायचे. तो बिचारा एवढंच म्हणायचा, "लई थंडी, मास्तर. लई म्हंजे लई." तुम्ही त्याला सोडत नव्हतात. चढ कुठून लागतो? वारा असतो का? सावली कुणीकडं पडते? पाण्यात हात घातलास का, मग काय वाटलं? सुटीला येऊन पुन्हा कवायत करावी लागते, असं तो आईला म्हणाला होता. त्याच्या चार शब्दांतून तुम्ही ते तळं उभं केलंत, आणि अख्खी शाळा समजत होती की भूगोलाचे मास्तर हिमालय पालथा घालून आलेत.

आता त्या दिवसाचं. सकाळी घरी दोन पाहुणे होते. तुमचा नियम मला पाठ होता: पाणी अर्धा गिलास घ्यायचं, लागलं तर परत घ्यायचं, उष्टं टाकायचं नाही. आई आडावरून दोन-दोन घागरी आणायची, तेव्हा त्या नियमात काही चूक नव्हती. पण मी घाईत गिलास भरून घेतला, दोन घोट प्याले आणि उरलेलं मोरीत ओतलं. तुम्ही पाहुण्यांसमोर मला थांबवलंत. रिकामा गिलास हातात धरून उभं राहायला लावलंत आणि म्हणालात, "आईच्या डोक्यावरनं आलेलं पाणी हाय हे. इसरू नको." पाहुणे हसले. तेरा वर्षांची होते मी, अण्णा. जमीन दुभंगली असती तर बरं झालं असतं.

आणि नेमके त्याच दिवशी शाळेत तपासणीचे साहेब आले. मागे खुर्ची टाकून बसले आणि तुमचा सरोवरांचा धडा ऐकून अगदी खूश झाले. म्हणाले, "वा, मास्तर! कधी जाऊन आलात?" तुम्ही तोंड उघडायच्या आत मी उठले. "आमचे अण्णा हैदराबादच्या फुडं कधीच गेलेले न्हाईत, सर." वर्ग खो खो हसला. साहेबही हसले. तुम्ही परातीतला एक दगड उगाच सरळ केलात आणि म्हणालात, "बरोबर हाय." मग पुस्तक उघडून उरलेला धडा वाचून दाखवलात.

त्या संध्याकाळी मार बसणार म्हणून मी आईच्या पदरामागे. तुम्ही हातपाय धुतलेत, चहा घेतलात आणि मला समोर बसवलंत. "खोटं न्हाई बोललीस तू. पण पाहिल्याबिगर सांगू न्हाई आसं म्हणलं, तर भूगोल शिकवायला देशात मास्तर सापडायचा न्हाई." बस्स, एवढंच. पुढच्या वर्षी खालच्या वर्गातल्या मुलींनी सांगितलं की सरोवरांचा धडा तुम्ही पुस्तकातूनच वाचलात. परात घरीच राहिली, त्याच्या पुढच्या वर्षीही. मला फार वाईट वाटलं, पण माफी मागायची आपल्या घरात रीतच नव्हती. नीट वागून दाखवायचं, तीच माफी. मी नीट वागत राहिले आणि तुम्हाला ते कशाबद्दल होतं हे कधी कळलं की नाही, कुणास ठाऊक. म्हणून मनाशी ठरवलं होतं, पायात बळ आहे तोवर एकदा तिथे जायचं. त्या चढावर उभं राहून बघायचं, आणि तुम्ही बरोबर होतात असं तुम्हाला स्वच्छ शब्दांत सांगायचं.

योग आणला माझ्या विहीणबाईंनी. लेक नांदेडला दिली आहे, तिच्या सासूबाई. वयानं माझ्याएवढ्याच, पण हौस पोरींची. हिमाचलातल्या एका गावी चार दिवस राहायचं आणि त्यातला एक दिवस गाईडबरोबर उंचावरच्या तळ्याला जाऊन यायचं, अशी सहल त्यांनी शोधून काढली. नांदेडकरांना गोदावरी आहे, त्यामुळे त्यांचा पाण्याला हात सैल. आमच्या लातूरला नळ अजूनही आठ-आठ दिवसांनी येतो, आणि आला की पातेली, बादल्या, बाटल्या, अगदी फुलदाणीसुद्धा भरून ठेवायची सवय हाडात गेलेली. हॉटेलात शिरल्या शिरल्या मी दोन्ही बादल्या आणि टब भरला. विहीणबाई कमरेवर हात ठेवून बघत होत्या. "अवो, कुणासाठी भरून राहिल्या? डोंगरातून पाणी आपल्या पायानं येऊन राहिलंय की!" सकाळी बादलीवर बर्फाची साय धरली होती. त्यांनी तिचा फोटो काढून लेकीला पाठवला.

पहाटेच जीप निघाली. गाईड दोघे, एक पुढे चालणारा आणि एक सगळ्यांच्या मागे. मागचा तिशीचा, गालांवर उन्हाचे लाल डाग पडलेला. जीप थांबली तिथे त्याने प्रत्येकाच्या हातात दोन-दोन बाटल्या दिल्या आणि बजावलं, "घूँट-घूँट पीते रहना. तळ्याला पोचेपर्यंत दोन्ही रिकाम्या दिसल्या पाहिजेत," हे सगळं हिंदीत. पुढे दोन तासांची चाल. विहीणबाई दर वळणावर थांबून पाणी पीत होत्या आणि लाज न धरता मोठ्या दगडाआड जाऊन येत होत्या. मी हसत होते त्यांना. मी काय केलं असेल, तुम्हीच सांगा. ओठ ओले करण्यापुरतं पाणी घेतलं, ते गाडीत, स्वतःच्या जुन्या बाटलीतलं. नव्या दोन्ही तशाच. वर गेल्यावर लागेल, कुणाला तरी लागेल, आत्तापासून कशाला संपवायचं? शिवाय प्रवासात बाईमाणसानं पाणी कमीच प्यावं, हे आईचं शास्त्र वेगळंच.

आणि मग तो चढ आला. अण्णा, अगदी तुमचाच चढ. वर नुसतं आभाळ, पुढे काही नाही असं वाटायला लावणारा. पुढची माणसं एकेक करून त्या कडेवर जात होती आणि पलीकडे दिसेनाशी होत होती. पलीकडून एक मोठा "आहाहा" ऐकू आला, तो विहीणबाईंचा. फार तर दोनशे पावलं राहिली असतील. माझं डोकं सकाळपासून ठणकत होतं ते आता घणाचे घाव घालायला लागलं, डोळ्यांपुढे काजवे चमकले आणि मी खालीच बसले. ओकारी झाली. मागचा गाईड धावत आला.

"आंटीजी, पानी कितना पिया?"

"पिई ना मैं. मेरेकू कुछ नै हुआ," मी आपल्या निजामी हिंदीत म्हणाले.

त्याने माझी पिशवी उघडली. आत दोन बाटल्या काठोकाठ भरलेल्या, बुचाचं सीलसुद्धा न मोडलेलं. तो रागावला नाही. त्याने फक्त विचारलं, "बचाके किसके लिए रखा था?"

तुमचं नाव काय सांगणार त्याला? मी हात जोडले, पाच मिनिटं दे म्हणाले, रांगत जाते म्हणाले. साठी उलटलेली बाई, भर रस्त्यात रडले मी त्याच्यापुढे. तो ऐकेना. इथे डोकं दुखायला लागलं की वर नाही, खालीच जायचं, वर फोटो मिळेल पण तुम्हाला खाली न्यायची जबाबदारी माझी आहे, असं म्हणून त्याने माझा दंड धरला आणि मला उतरवत नेलं. बरंच खाली चहाचा एक तंबू होता. तिथल्या बाईनं मला रजईत गुंडाळलं आणि एक मोठा पेला पाणी समोर धरला. मी सवयीनं म्हणाले, "आधा." गाईड म्हणाला, "पूरा." तो समोर बसून राहिला आणि मी तो पेला तळापर्यंत प्याले. मग दुसरा. तुमच्यावर इतका राग आला मला त्या क्षणी, आणि तुमची इतकी आठवण आली, की दोन्हीचं रडू एकदमच आलं.

तासाभरानं विहीणबाई उतरल्या. काय झालं ते गाईडनं त्यांना तंबूच्या दारातच सांगितलं. शेजारी बसल्या, शालीत हात गुंडाळून. मी विचारलं, "कसं होतं?" तर म्हणाल्या, "काय सांगू बाई, लई भारी होतं," आणि फोन पुढे केला. फोटोत सगळ्यांचे चेहरे होते आणि मागे एक निळी पट्टी. फौजीची आठवण आली मला.

परतताना आम्ही नांदेडला उतरलो. लेकीच्या घरी नात वाटच बघत होती. नऊ वर्षांची आहे, दोघींना आजीच म्हणते. फोटो तिने अर्ध्या मिनिटात सरकवून टाकले आणि माझ्याजवळ येऊन बसली. "आजी, तू सांग ना. कसं होतं तळं?" मी विहीणबाईंकडे बघितलं. त्या पलीकडे शेंगा सोलत होत्या. मी उठून स्वयंपाकघरातली परात आणली. आता स्टीलची. कुंडीतले दगड कडेनं मांडले, नातीच्या खडूनं त्यांची टोकं पांढरी केली. पाणी काठापर्यंत ओतलं. नीळ हल्ली बाटलीतून येते, तिचे दोन थेंब टाकले. आणि खिडकीबाहेर बघत बोलायला लागले. चालत चालत वर जायचं, बोलायचं नाही, दम पुरत नाही. शेवटी एक चढ लागतो. वर नुसतं आभाळ.

नात ऐकत होती. उलट्या डोंगरापाशी आले तेव्हा शेंगा सोलायचा आवाज थांबला होता. विहीणबाईंना सगळं ठाऊक होतं. एक वाक्य पुरलं असतं त्यांना, मला जसं पुरलं होतं.

"पाण्यात हात घातलास तू?" नातीनं विचारलं.

"हो. आपलेच हात आपल्याला सापडत नाहीत, एवढं गार."

विहीणबाई आपल्या तळहातांकडे बघत हळूच म्हणाल्या, "तस्संच होतं, बाई. तस्संच."

त्या मला सांभाळून घेत होत्या की खरंच तसं होतं, हे मी अजून विचारलेलं नाही. बहुधा विचारणारही नाही. हे पत्रही वहीतच राहील, गणिताच्या जुन्या वहीची मागची चार कोरी पानं होती त्यांवर लिहिलंय. पण लिहिता लिहिता एक गोष्ट लक्षात आली, ती इतकी वर्षं कशी सुटली देव जाणे. त्या साहेबांना तुम्ही उत्तर दिलंच नव्हतं. वर्गातही कधी "मी गेलो होतो" असं म्हणाला नव्हतात, एकदासुद्धा नाही. मला नातीनं विचारलं, अण्णा, आणि मी हो म्हणाले.