तपास दुसऱ्यांकडे द्या

मंगळवार, संध्याकाळ

उद्या हायकोर्टात सुनावणी. मंगेशदादाच्या मृत्यूचा तपास इथल्या पोलिसांकडून काढून क्राइम ब्रँचला द्या, एवढंच मागितलंय. दादा चाळीच्या गच्चीवरून पडला, अपघात, हे इथल्या साहेबांनी पहिल्याच दिवशी ठरवलं. त्याला कुणीतरी ढकललं, हे शेजारच्या काकींनी पाहिलं, त्यांचा जबाबही घेतला नाही.

आज तेच साहेब घरी आले. चहा घेतला. "ताई, आमच्यावर भरवसा नाही का?" हळू आवाजात विचारलं. तो हळू आवाजच डोक्यातून जात नाहीये. कोर्ट नाही म्हणालं तर? तपास पुन्हा यांच्याच हातात. काकींना असंच हळू विचारलं तर त्या टिकतील?

आईला म्हटलं, "अर्ज मागे घेऊया का?"

ती कप विसळत होती. म्हणाली, "मंगेश गेला तेव्हा हा आपल्या दारात नाय आला. अर्ज केला, तेव्हा आला."