निवडणुकीत पडलेल्या इतिहासकाराची मालमत्ता

मी, चंद्रप्रकाश वासुदेव टिपणीस, वय ७२, व्यवसाय इतिहासलेखन व माहितीपट, राहणार मैत्रांगण सोसायटी, मुलुंड पूर्व, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाखाली न येता हे लिहून ठेवतो. बुद्धी शाबूत असल्याचा दाखला डॉक्टरांनी दिला आहे. माझे माहितीपट त्यांनी पाहिलेले नाहीत.

कलम १. माझी स्वकष्टार्जित राहती सदनिका माझ्या पश्चात पत्नी सौ. कुंदा हिला मिळावी. कारण देणे कायद्याने गरजेचे नाही, तरी देतो. राज्यसंस्था, न्याय, नागरिकाचे कर्तव्य यांवर मी आयुष्यभर पडद्यावर बोललो आणि सोसायटीच्या सभेला कधी फिरकलो नाही. मतस्वातंत्र्यावरचा माझा माहितीपट हॉलमध्ये दाखवायला सचिव श्री. हर्षद दोशी यांनी, उगाच वाद होतील म्हणून, नकार दिला. मी चिडून त्यांच्याविरुद्ध निवडणुकीला उभा राहिलो, सभेत सामाजिक करारावर भाषण ठोकले आणि सपशेल पडलो. घरी आल्यावर कळले, कुंदाचे मतही दोशींनाच.

"तुम्ही बोललात छान," ती म्हणाली, "पण टाकीच्या गळतीबद्दल एक शब्द काढला नाहीत."

मी अबोला धरला. तो तिच्या लक्षात आला नाही, हे नंतर समजले.

पुढच्या खेपेस ती उभी राहिली, निवडून आली, आधी टाकी दुरुस्त करून घेतली आणि मग मला हॉल दिला. दोशी पुढच्या रांगेत बसून शेवटपर्यंत वाद घालत होते. इतका जागा प्रेक्षक मला पूर्वी मिळाला नव्हता.

कलम २. कॅमेरा व सर्व सामान माझा कॅमेरामन धम्मपाल जाधव यास द्यावे. माझे वाक्य लांबले की तो कॅमेरा खिडकीतल्या कावळ्याकडे वळवी. महोत्सवात परीक्षकांनी कावळ्याचेच कौतुक केले. तक्रार कायम आहे, सामान त्याचेच.

कलम ३. आज्ञापालनावरचा अपूर्ण माहितीपट, सर्व हक्कांसह, कन्या श्रुतिका हिला. "बाबा, प्रश्न तुम्हीच विचारता आणि उत्तरही तुम्हीच देता," असे सांगून तिने माझ्यासोबतचे काम सोडले. तिने तो पूर्ण करावा ही इच्छा आहे, आज्ञा नाही. माझे म्हणणे खुशाल खोडावे. फक्त त्याआधी एकदा मला पूर्ण बोलू द्यावे.

(सही) चं. वा. टिपणीस
मुलुंड, ९ फेब्रुवारी २०२५

वरील सही आम्हा दोघांच्या डोळ्यांदेखत झाली. मजकुराची जबाबदारी त्यांची.
१. सुबोध प्रधान (सही)
२. अबोली सामंत (सही)